घर मोडले ते कोणी?

स्त्री नवऱ्याचे घर सोडून गेली, म्हणजे घर मोडले ते कोणी? जी उंबरठा ओलांडून गेली तिने, की जो उंबरठ्याच्या आत राहिला त्याने? हा प्रश्न आमच्या खेड्यांतील मंडळ्यांस नवा नाही. तो बहुधा रात्रीच्या वेळी पाळकाच्या किंवा धर्मोपदेशकाच्या दाराशी येतो, कडेवर मूल घेऊन येतो, आणि सकाळ होण्याच्या आत त्यास काहीतरी उत्तर द्यावे लागते. ते उत्तर बहुतकरून एकच असते: "बाई, परत जा, देव पाहतो आहे." हे उत्तर पवित्र शास्त्राचे आहे की केवळ आमच्या सवयीचे आहे, याचा विचार आज करावयाचा आहे, आणि त्यास निमित्त एका नाटकाचे झाले आहे.

नॉर्वे देशात हेन्रिक इब्सेन नावाचा थोर नाटककार होऊन गेला. त्याचे 'बाहुलीचे घर' हे नाटक 1879 च्या डिसेंबरात छापून निघाले, आणि त्याच महिन्याच्या 21 तारखेस कोपनहेगन येथे त्याचा पहिला प्रयोग झाला. पुढे अनेक भाषांनी ते आपलेसे केले. मराठीत अनंत काणेकर यांनी 1941 साली 'घरकुल' या नावाने ते आणिले, आणि मो. ग. रांगणेकर यांच्या 1942 च्या 'कुलवधू' या नाटकावरही त्याची छाया आहे. त्यातील नायिकेचे काम ज्योत्स्ना भोळे यांनी गाजविले. दूरचित्रवाणी आल्यावर ते रंगभूमीवरून घरोघरच्या पडद्यावर उतरले. अमेरिकेत 1959 साली आणि इंग्लंडात बीबीसीने 1992 साली त्याची रूपांतरे दाखविली. या दुसऱ्या रूपांतराचे दिग्दर्शन डेव्हिड थॅकर यांचे असून ज्युलिएट स्टीव्हन्सन या बाईंनी त्यात नोराचे काम केले आहे. परळी वैजनाथ येथे आमच्या मंडळीतील तरुणांनी ते मिळविले, आणि काही कुटुंबांसह आम्ही ते पाहिले. भाषा इंग्रजी, म्हणून मधून मधून थांबवून अर्थ सांगावा लागला. पण शेवटच्या अर्ध्या तासात कोणी अर्थ विचारिला नाही.

ज्यांनी ते पाहिले नाही त्यांच्यासाठी कथा थोडक्यात सांगतो. नोरा ही तीन मुलांची आई. लग्नास आठ वर्षे झाली आहेत. नवरा टोरवाल्ड सज्जन आहे, निर्व्यसनी आहे, कोणाचे कर्ज काढीत नाही, आणि लवकरच बँकेचा व्यवस्थापक होणार आहे. तो बायकोस मारीत नाही, शिवी देत नाही. उलट चिमणी, खारुताई अशा नावांनी तिचे लाड करितो. पण काही वर्षांपूर्वी तो प्राणघातक आजारी पडला होता. त्यास उबदार देशात नेल्यावाचून तो जगणार नाही, असे वैद्यांनी नोरास एकटीस सांगितले. त्या देशाच्या कायद्याने नवऱ्याच्या संमतीवाचून बायकोस कर्ज काढता येत नव्हते. नोराने आपल्या बापाची खोटी सही करून कर्ज काढिले, नवऱ्यास इटलीस नेले, त्याचा प्राण वाचविला, आणि पुढे कित्येक वर्षे घरखर्चात काटकसर करून व रात्री जागून नकला उतरण्याचे काम करून ते कर्ज ती गुपचूप फेडीत राहिली. नाताळाच्या दिवसांत हे उघडकीस येते. नोराची आशा अशी की, नवरा पुढे होऊन म्हणेल, दोष माझा आहे. तो मात्र तिच्यावर तुटून पडतो, ती मुलांस वाढविण्यास अपात्र आहे असे ठरवितो. आणि सावकाराने कागद परत पाठविताच आनंदाने ओरडतो की, आपण वाचलो. आपण म्हणजे कोण? तो स्वतः. मग क्षमेची भाषा सुरू होते. नोरा मेजाशी बसते, आठ वर्षांत प्रथमच त्याच्याशी सरळ बोलते, अंगठी परत करिते आणि निघून जाते. खालचे दार बंद झाल्याचा आवाज येतो, आणि नाटक संपते.

हे नाटक नाट्यगृहात पाहावयाचे तर मनुष्यास आधी घर सोडून जावे लागे. पैसे देऊन, तीन तास खुर्चीवर बसून, परक्या घराची गोष्ट म्हणून तो ती पाही. दूरचित्रवाणीने हे अंतर नाहीसे केले. आता तो पडदा त्याच खोलीत आहे जिथे नवरा खाटेवर टेकला आहे आणि बायको चुलीपुढून पीठ लागलेले हात तसेच घेऊन दारात उभी राहून पाहत आहे. टोरवाल्डचे बोलणे ऐकताना त्या खोलीत कोण कोणाकडे पाहतो आणि कोण मुद्दाम पाहत नाही, हे नाटकाइतकेच पाहण्याजोगे असते. परळीस आम्ही ते पाहिले.

आमच्या वाचकांस येथे एक शंका येईल. आमच्या प्रवचनांत वाईट नवरा म्हटला की तो दारुडा असतो. मराठी रंगभूमीनेही आम्हांस हेच शिकविले. राम गणेश गडकरी यांचे 'एकच प्याला' 1919 साली रंगभूमीवर आले. त्यातील सिंधू नवऱ्याच्या दारूपायी सर्वस्व गमाविते, दळण दळिते आणि शेवटी मरते, पण तोंडातून त्याच्याविरुद्ध अक्षर काढीत नाही. बालगंधर्वांची सिंधू पाहून प्रेक्षक रडत असत. रडून घरी जात, आणि घरच्या सिंधूस पाणी आणावयास सांगत. दारूविरुद्ध बोलण्यात काही चूक नाही. आमच्या मंडळ्यांत दारूने जितकी घरे जाळिली तितकी कशानेही जाळिली नसतील. पण इब्सेनने जाणूनबुजून आपल्या टोरवाल्डच्या हाती पेला दिला नाही. दारू काढून घ्या, मार काढून घ्या, गरिबी काढून घ्या. मग पाहा, घरात काय उरते. जे उरते ते असे की, एक मनुष्य मालक आहे आणि दुसरे त्याचे खेळणे आहे. खेळणे आवडते असले तरी ते खेळणेच. आमच्यात असे कित्येक भाऊ आहेत, जे दारू शिवत नाहीत, रविवार चुकवीत नाहीत, आणि बायकोस तिच्या माहेरच्या मयतीस जाण्यासाठी दोनदा हात जोडावयास लावितात. त्यांच्याविरुद्ध आमच्या प्रवचनात एक वाक्यही नसते.

आणखी एक गोष्ट पाळकांनी व धर्मोपदेशकांनी विशेष ध्यानात घेतली पाहिजे. ही कथा मूर्तिपूजकांच्या घरातील नाही. तो ल्यूथरन देश, घरात नाताळचे झाड सजविलेले, मुलांचे बाप्तिस्मे झालेले. नोरा जावयास निघते तेव्हा टोरवाल्ड तिला धर्माची आठवण देतो. त्यावर ती म्हणते की, धर्म म्हणजे काय हे आपणांस खरोखर ठाऊक नाही. दृढीकरणाच्या वेळी पाळकाने जे सांगितले तेवढेच ठाऊक आहे, आणि ते खरे आहे की नाही हे आता आपण स्वतः पाहणार. हे ऐकून काही पाळक म्हणतील की, पाहा, ही नास्तिक झाली. आम्हांस तसे वाटत नाही. जी स्त्री आईबापाच्या घरी बापाची मते बोलली आणि नवऱ्याच्या घरी नवऱ्याची, ती देवाविषयी तरी स्वतःचे काय बोलणार? आमच्या दृढीकरणाच्या वर्गात मुली प्रश्नोत्तरे धडाधड पाठ म्हणतात, मुलांहून चांगली म्हणतात. त्यांतील एखादीस कोणी कधी विचारिले आहे काय की, बाई, यातले तुला स्वतःला काय पटले? विश्वास उसना मिळत नाही, हे आम्ही व्यासपीठावरून सांगतो; पण बायकांनी तो नवऱ्याकडून उसना घेतलेला असला तर आम्हांस बरे वाटते, कारण त्यात खटखट नसते.

आता शास्त्राकडे वळू. पत्नीने पतीच्या अधीन असावे, हे प्रेषित पौलाने इफिसकरांस लिहिले आहे, आणि ते लग्नविधीत वाचले जाते. पण त्या वचनाच्या लगेच आधी त्याच पौलाने ख्रिस्ताच्या भयाने सर्वांनीच एकमेकांच्या अधीन असावे असे लिहिले आहे, आणि पुढे पतीस सांगितलेली गोष्ट तर अधीनतेहून कितीतरी जड आहे: त्याने बायकोसाठी प्राण द्यावयाचा आहे, जसा ख्रिस्ताने मंडळीसाठी दिला. ज्या नवऱ्याने बायकोसाठी साधी बदनामी सोसली नाही, त्याने या वचनाची कोणती बाजू पाळिली? टोरवाल्डची परीक्षा नेमकी येथेच झाली आणि येथेच तो पडला. पेत्राचे पहिले पत्रही आम्ही अर्धेच वाचितो. बायकांनी नम्र असावे येथपर्यंत वाचून पुस्तक मिटतो. त्यापुढे पेत्र नवऱ्यास सांगतो की, बायको ही जीवनाच्या कृपादानाची तुझ्याबरोबरीची वारस आहे, तिला मान दे, नाहीतर तुझ्या प्रार्थनांस अडथळा होईल. हे फार भयंकर बोलणे आहे. बायकोचा अपमान करणाऱ्याची प्रार्थना वर जात नाही, असा त्याचा रोख आहे. आमच्या पंचांत प्रार्थनेस उभे राहणाऱ्या किती जणांस हे ठाऊक असेल?

सोशिकपणाविषयीही स्पष्ट बोलले पाहिजे. सिंधूचे दुःख पाहून आमचे लोक म्हणतात की, तिने आपला वधस्तंभ वाहिला. वधस्तंभ हा शब्द इतका स्वस्त करू नये. प्रभूने सांगितले आहे की, त्याचा प्राण कोणी त्याच्यापासून घेत नाही. तो आपण होऊन देतो. जे आपण होऊन, देवासाठी, दुसऱ्याच्या तारणासाठी उचलिले जाते त्यास वधस्तंभ म्हणावे. दुसऱ्याने आपल्या सोयीसाठी जे एखाद्याच्या पाठीवर लादिले, त्यास ओझे म्हणतात. लूकच्या शुभवर्तमानात अठरा वर्षे वाकलेली एक स्त्री आहे. तिला सरळ उभे राहता येत नव्हते. प्रभूने तिला सभास्थानात, लोकांदेखत बोलाविले, सरळ उभे केले, आणि ती अब्राहामाची कन्या आहे असे म्हटले. सभास्थानाचा अधिकारी रागावला, कारण तो शब्बाथाचा दिवस होता. ती अठरा वर्षे त्याच सभास्थानात येत असली पाहिजे, असे आम्हांस वाटते. पण तिच्या वाकण्याने त्यास कधी राग आल्याचे लूक सांगत नाही. ती सरळ उभी राहिली, तेव्हा राग आला.

नोराने खोटी सही केली, हे पाप नव्हे काय? पाप आहे, आणि ते पुण्य होते असे आम्ही म्हणणार नाही. कागदावर तिने बापाच्या सहीखाली जी तारीख घातली, त्या दिवशी तो बाप मेलेला होता, इतके ते खोटे कच्चे होते. पण शमुवेलाच्या पहिल्या पुस्तकातील अबीगईल आठवा. तिचा नवरा नाबाल उर्मटपणे दाविदाचा अपमान करून बसला होता, आणि दाविदाची तरवार त्या घरावर येत होती. अबीगईल भाकरी, द्राक्षारस व रांधलेली मेंढरे गाढवांवर लादून दाविदास सामोरी गेली, आणि हे तिने नवऱ्यास सांगितले नाही. शास्त्राने तिला शहाणी म्हटले आहे. तिने खोटी सही केली नाही, हा भेद मोठाच आहे. तथापि नवऱ्यास न विचारता त्याचा जीव वाचविणे हेच मुळी पाप, असे जो म्हणेल त्याने आधी अबीगईलीस दोष द्यावा. ज्या घरात खरे बोलण्यास जागा नसते त्या घरात खोटे पिकते. नोरा चोरून खाऊ खाते आणि खाल्ला नाही म्हणते, तेथपासून त्याची सुरुवात आहे. आमच्या घरांत बायका पिठाच्या डब्यात नोटा लपवितात, त्याही हौसेने लपवीत नाहीत.

ही कथा केवळ कल्पनेची नाही. इब्सेनच्या ओळखीची लॉरा कीलर नावाची लेखिका होती. तिनेही नवऱ्याच्या आजारासाठी गुपचूप कर्ज काढिले होते. ते उघड झाल्यावर नवऱ्याने तिला वेड्यांच्या इस्पितळात घातले, आणि मुले तिच्यापासून काढून घेतली. काही काळाने ती त्याच घरी परतली. इब्सेनने आपल्या नोरास वेगळे दार दिले. त्या दाराने त्या काळी एवढा गहजब केला की, जर्मनीतील एका प्रसिद्ध नटीने आपण मुले सोडून जाणाऱ्या आईचे काम करणारच नाही असे सांगितले, आणि 1880 साली इब्सेनला स्वतःच्या हाताने दुसरा शेवट लिहून द्यावा लागला. त्यात नोरा निजलेली मुले पाहून दारातच कोसळते आणि राहते. या शेवटास इब्सेन स्वतः नाटकावरील अत्याचार म्हणे. आम्हांस मात्र त्या नटीविषयी थोडी सहानुभूती आहे. मुलांचा प्रश्न खरा आहे, आणि नाटकाने तो दाईवर सोपवून थोडक्यात उरकला आहे.

परळीस पडदा बंद झाल्यावर हाच प्रश्न एका बहिणीने काढिला. ती दर वर्षी नवऱ्याबरोबर ऊसतोडीस जाते. ती म्हणाली, "ती गेली, तिचं दार वाजलं. आमच्या कोपीला दारच नसतंय, पाळकबाबा. वाजवायचं काय?" सगळे हसले. तीही हसली. पण त्या बोलण्याने नाटक नॉर्वेतून उठून बीड जिल्ह्यात आले, आणि आमचे खरे म्हणणे येथेच आहे.

कारखान्याच्या हिशेबात नवराबायको मिळून एक कोयता धरितात. पावसाळा सरण्याच्या आधी मुकादम उचल देतो. ती उचल जोडप्याच्या अंगमेहनतीवर दिलेली असते, पण ती मोजून घेतो नवरा, अंगठा किंवा सही करितो नवरा, आणि पुष्कळदा ती कोठे गेली हेही नवऱ्यासच ठाऊक असते. दसरा-दिवाळीनंतर परळी, वडवणी, धारूर, केज या भागांतून ट्रक भरून पश्चिमेकडच्या कारखान्यांकडे व कर्नाटकाकडे निघतात. पहाटेच्या अंधारात फडात जावयाचे, नवऱ्याने तोडलेल्या उसाच्या मोळ्या बांधावयाच्या, त्या डोक्यावरून ट्रकात चढवावयाच्या, मग कोपीवर येऊन पाणी, सरपण, भाकरी, मुले. एका दिवसाचा खाडा झाला तर पैसे कापितात. 2019 साली राज्यात गवगवा झाल्यावर शासनाने समिती नेमली. बीड जिल्ह्यात 82,309 ऊसतोड स्त्रियांची पाहणी झाली आणि त्यांतील 13,861 जणींची गर्भपिशवी काढलेली आढळली. त्यांतील कित्येक तरुण होत्या. खाडा पडू नये, पाळीच्या दिवसांचा त्रास नको, डॉक्टरांनी भीती घातली, अशी कारणे पुढे आली. या विषयावर पुष्कळ लिहिले गेले आहे. आम्ही एवढेच विचारितो की, हा निर्णय होत असताना त्या घरात कोण कोणाशी बोलले होते?

नोराची आणि आमच्या या बहिणींची तुलना करून पाहा. नोराने नवऱ्यासाठी कर्ज काढिले आणि ती सही खोटी ठरली, कारण कायद्याने तिची सही चालत नव्हती. येथे नवरा बायकोच्या हातापायांवर कर्ज काढितो, आणि तिची सही कोणी मागतच नाही. फिटले नाही तर पुढल्या वर्षी त्याच मुकादमाकडे तीही बांधलेली. नोरा खेळणे होती. ही अर्धा कोयता आहे. खेळण्याचे निदान लाड होतात.

कायद्याने काय केले, हेही सांगितले पाहिजे, कारण आमच्या लोकांत याची माहिती फार थोडी आहे. नॉर्वेत विवाहित स्त्रीस आपल्या मिळकतीचा अधिकार 1888 साली मिळाला. आमच्या देशात 1874 सालीच विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेचा कायदा झाला, आणि पत्नीने स्वतःच्या कष्टाने मिळविलेला पैसा तिचा स्वतःचा, असे त्यात ठरले. तो मुळात हिंदू, मुसलमान इत्यादी समाजांस लागू नव्हता. ख्रिस्ती पत्नीस होता. म्हणजे जो हक्क नोरास नव्हता तो ब्रिटिश मुलुखातील ख्रिस्ती स्त्रीस नाटकाच्या पाच वर्षे आधी मिळाला होता. आमचा जिल्हा तेव्हा निजामाच्या राज्यात होता ही गोष्ट निराळी. पण जेथे होता तेथेही किती पाळकांनी तो मंडळीत वाचून दाखविला असेल? घटस्फोटाच्या 1869 च्या कायद्यात मात्र ख्रिस्ती स्त्रीवर उघड अन्याय होता. नवऱ्यास बायकोचा व्यभिचार एवढे एक कारण पुरे. बायकोस नवऱ्याच्या व्यभिचाराबरोबर छळ किंवा त्याग असे आणखी काही सिद्ध करावे लागे. नुसत्या छळावर सुटका नव्हती. 1997 साली मुंबई उच्च न्यायालयाने हा भेद घटनेविरुद्ध ठरविला, आणि 2001 साली संसदेने कायदा बदलला. एकशे बत्तीस वर्षे लागली. तो बदलावा म्हणून ज्या ख्रिस्ती स्त्रियांनी खटपट केली त्यांस पुष्कळ ठिकाणी घरमोड्या म्हटले गेले. 2005 चा कौटुंबिक हिंसाचाराचा कायदा तर सर्व धर्मांच्या स्त्रियांस लागू आहे, आणि त्याने स्त्रीस राहत्या घरात राहण्याचा हक्क दिला आहे, मग घर कोणाच्याही नावावर असो. काणेकरांनी नाटकास 'घरकुल' म्हटले. हल्ली खेड्यात घरकुल म्हणजे सरकारी योजनेचे घर. त्या कागदावर नवराबायको दोघांची नावे घालावयाचा नियम आहे. सरकारने दारावर तिचे नाव लिहिले, आणि मंडळीच्या वहीत ती अजून अमक्याची बायकोच आहे.

तरीही घटस्फोट हे आमचे उत्तर नव्हे. पौल करिंथकरांस लिहितो की, बायकोने नवऱ्यास सोडू नये. पण लगेच पुढे लिहितो की, सोडलेच, तर तिने तसेच राहावे किंवा समेट करावा. वाचकहो, या 'सोडलेच तर' वर आम्ही थांबत नाही. कधीकधी स्त्रीस निघावे लागते, हे प्रेषितास ठाऊक होते. तिला ओढून आणा, मंडळीतून काढा, असे त्याने लिहिले नाही. नोरा दुसऱ्या कोणासाठी गेलेली नाही. ती एकटी गेली आहे, आणि जाताना तिने समेटाचे दार पुरते लावलेले नाही: आपण दोघे इतके बदललो की आपले राहणे खरे लग्न होईल, तर, अशा अर्थाचे काही ती बोलून जाते. तो चमत्कार होईल असा भरवसा तिला उरलेला नाही, आणि इब्सेननेही पुढे काही लिहिले नाही.

पण आमच्याच घरात तसे काही घडलेले आहे. नारायण वामन टिळक 1895 साली बाप्तिस्मा घेऊन ख्रिस्ती झाले, तेव्हा लक्ष्मीबाईंस त्यांनी विचारिले नव्हते. एका दिवसात त्या बाईचे जग उलटले. आमच्या लोकांत टिळकांच्या धैर्याचे गुणगान पुष्कळ होते, आणि ते योग्यच आहे. परंतु त्या दिवशी त्या बाईस काय झाले असेल, हे 'स्मृतिचित्रे' वाचल्यावाचून कळत नाही. विजया मेहता यांनी त्या पुस्तकाचे दूरचित्रवाणीसाठी रूपांतर केले, ते आमच्या घरोघरी दाखविण्याजोगे आहे. लक्ष्मीबाई कित्येक वर्षे नवऱ्यापासून दूर राहिल्या. परत आल्या तेव्हाही नवऱ्याच्या धर्मात आल्या नाहीत. काही काळ त्यांचे खाणेपिणे व सोवळे निराळेच होते. टिळक तापट होते, लहरी होते, पण या बाबतीत त्यांनी बायकोस ओढिले नाही. 1900 साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला तो स्वतःच्या खात्रीने. नवऱ्याच्या मागून ख्रिस्ताकडे आली असे ज्यांच्याविषयी म्हणता येणार नाही, अशा त्या स्त्री होत्या. आणि पुढे त्या घरात जे लग्न नांदले ते खरे लग्न होते, भांडणासकट. टिळकांनी 1895 साली त्यांस धर्मशास्त्र दाखवून फरपटत नेले असते, तर आज आमच्यापाशी 'स्मृतिचित्रे' नसते.

कोणी म्हणेल, हे सर्व लिहून तुम्ही बायकांस घर सोडावयास शिकविता. आमच्या अनुभवात बायका एवढ्याशा लेखाने घर सोडीत नाहीत. त्या दहा-दहा वर्षे मरणाच्या कडेवर राहूनही सोडीत नाहीत. समेटाच्या बैठकीत पाहा. बायकोच्या चुकांची यादी तासभर चालते: भाकरी वेळेवर नसते, उलट बोलते, माहेरचा फोन फार येतो. नवऱ्यास एकच प्रश्न विचारिला जातो, आणि तोही अर्धा: "आता नीट वागशील ना?" तो मान डोलवितो, प्रार्थना होते, चहा होतो. बाई काही बोलली नाही म्हणून समेट झाला, असे पंच धरून चालतात. यिर्मयाने अशा शांतीविषयी कडक शब्द वापरिले आहेत, जी नसताना आहे म्हणून सांगितली जाते.

म्हणून परळी भागातील धर्मोपदेशकांस व बायबलबायांस आमचे सांगणे असे की, रात्री कोणी बहीण दाराशी आली तर तिला त्या रात्री परत धाडू नये. तिला जेवू घालावे, निजावयास जागा द्यावी, अंगावर मार असेल तर इस्पितळात नेऊन त्याची नोंद करावी. नवऱ्याशी बोलणे दुसऱ्या दिवशी, आणि तिच्या गैरहजेरीत. परत जाणे किंवा न जाणे तिने ठरवावे. पेत्राचे वचन तिला वाचून दाखवावयाचे तर सातव्या वचनापर्यंत वाचावे, आणि नवऱ्यास तेथूनच सुरुवात करून वाचावे. आणि या वर्षी ट्रक निघण्याच्या आधी, मंडळीतील प्रत्येक ऊसतोड जोडप्यास वडील मंडळींसमक्ष बसवून उचलीचा आकडा बायकोच्या तोंडून विचारावा. तिला तो सांगता आला नाही, तर मुकादमाकडचा कागद आणावयास नवऱ्यास त्याच वेळी परत पाठवावे, आणि तो येईपर्यंत थांबावे.